कमी पर्सेंटाइलवाल्या मुलाला कॅपमध्ये (केंद्रीभूत प्रवेश प्रक्रियेत) जागा मिळाली, माझ्या मुलीला नाही. हायकोर्टात गेलं तर जागा मिळेल का?

तुम्ही लिहिलंय की मुलगी यवतमाळची, प्रवर्ग ओबीसी, पुण्यातलं एक खासगी इंजिनिअरिंग कॉलेज पहिल्या पसंतीला, आणि तिथे तिच्यापेक्षा दीड पर्सेंटाइलने मागे असलेला नाशिकचा ओबीसी मुलगा लागला. ही प्रक्रिया चालवणाऱ्या राज्याच्या सीईटी सेलला मेल केले, उत्तर नाही. मी नागपूर खंडपीठात वकिली करतो. पावसाळा लागला की आमच्याकडे हीच प्रकरणं सुरू होतात, म्हणून लिहितो.

वकील गाठण्याआधी अलॉटमेंटची यादी उघडा आणि त्या मुलाच्या नावासमोरचा सीट टाइप बघा. माझा अंदाज, तिथे 'जीओबीसीएच' असेल. शेवटचं अक्षर महत्त्वाचं. एच म्हणजे होम युनिव्हर्सिटी, ओ म्हणजे इतर विद्यापीठांच्या हद्दीतले, एस म्हणजे राज्यस्तर. सुरुवातीला जी असेल तर सर्वसाधारण जागा, एल असेल तर मुलींसाठी राखीव. नाशिक पुणे विद्यापीठात येतं, यवतमाळ अमरावती विद्यापीठात. अशा कॉलेजात ७० टक्के जागा होम युनिव्हर्सिटीच्या आणि ३० टक्के बाहेरच्यांच्या, म्हणजे दोघांचा प्रवर्ग एक असला तरी रांगा वेगळ्या. तुमच्या मुलीची तुलना 'जीओबीसीओ' किंवा 'एलओबीसीओ'मध्ये शेवटी कोण लागलं त्याच्याशी करा. तिथे तिच्याहून मागचं कुणी असेल तर मात्र खरंच काहीतरी चुकलंय.

ही वाटणी मलाही खटकते. विदर्भ-मराठवाड्यातल्या पोरांना पुण्या-मुंबईची कॉलेजं हवी असतात आणि दार तीस टक्केच उघडं. पण नियम माहिती पुस्तिकेत आधीपासून छापलेला असताना, यादी लागल्यावर 'हा नियमच अन्यायाचा' म्हणून गेलात, तर पहिला प्रश्न येतो : फॉर्म भरताना का नाही आलात? मेडिकलमधला ७०:३० प्रादेशिक कोटा सप्टेंबर २०२० मध्ये गेला, तोही कोर्टाच्या नव्हे, राज्य सरकारच्या निर्णयाने.

मग कोर्टात टिकतं काय? माझा अनुभव असा की कॉम्प्युटरने केलेल्या वाटपात चूक क्वचित सापडते. जिथे माणसाचा हात लागतो तिथे सापडते. कागद तपासताना नॉन-क्रीमीलेअर प्रमाणपत्र वेळेत अपलोड केलेलं असूनही मुलाला ओपनमध्ये ढकललं, जात पडताळणी समितीची पावती नाकारली, किंवा कॅप संपल्यावर कॉलेजने रिकाम्या जागा गुणवत्ता डावलून भरल्या. या शेवटच्या प्रकारासाठी २०१५ च्या कायद्याखालचं प्रवेश नियामक प्राधिकरण आहे. आधी तिथे लेखी तक्रार करा, नाहीतर न्यायमूर्ती तिकडेच पाठवतील.

दुसरा टिकणारा मुद्दा म्हणजे मधेच बदललेला नियम. २०१९ मध्ये वैद्यकीय पदव्युत्तर प्रवेशात हेच झालं. मराठा आरक्षणाचा कायदा ३० नोव्हेंबर २०१८ चा, प्रवेशप्रक्रिया त्याआधीच सुरू झालेली, म्हणून आमच्याच खंडपीठाने २ मे रोजी त्या वर्षी तो लागू होणार नाही असं सांगितलं. सरकारने त्याच महिन्यात वटहुकूम काढून कायदाच दुरुस्त केला. याचिका जिंकूनही माणूस पुन्हा रांगेत, असं होतं ते असं. त्याच प्रवेशांतलं आर्थिक दुर्बलांसाठीचं दहा टक्के ईडब्ल्यूएस आरक्षण मात्र सुप्रीम कोर्टाने ३० मे रोजी त्या वर्षापुरतं रोखलं, कारण तेच : प्रक्रिया आधी सुरू झाली होती.

आता जागा मिळते का? मेडिकलपुरतं सुप्रीम कोर्टाने १३ डिसेंबर २०१९ च्या कृष्णा श्रद्धा निकालात चौकट घालून दिली. विद्यार्थ्याची काही चूक नको, तो उशीर न करता आलेला हवा, आणि दोष पूर्णपणे यंत्रणेचा हवा. तरच अपवाद म्हणून ३० सप्टेंबर या तेव्हाच्या शेवटच्या तारखेनंतर महिनाभरात प्रवेश, फार तर एक-दोन जागा वाढवून, आणि तेही जमलं नाही तर पुढच्या वर्षीची जागा किंवा भरपाई. इंजिनिअरिंगच्या प्रकरणांतही वकील हाच निकाल पुढे करतात. धनबाद आयआयटीचा २०२४ चा निकाल दाखवत बरेच पालक येतात, साडेसतरा हजार फी वेळेत भरता आली नाही म्हणून गेलेली जागा परत मिळाली तो. पण तिथे सुप्रीम कोर्टाने राज्यघटनेचं अनुच्छेद १४२, म्हणजे पूर्ण न्यायासाठी लागेल तो आदेश देण्याचा अधिकार, वापरलं. तो अधिकार हायकोर्टाला नाही.

तेव्हा यादी तपासून खरंच चूक दिसली, तर आजच लॉगिनमधून ग्रीव्हन्स (तक्रार) टाका आणि स्क्रीनशॉट ठेवा. माहिती अधिकाराच्या नादी लागू नका, उत्तराची मुदत तीस दिवसांची, तेवढ्यात राउंड संपतात. याचिकेत पहिली मागणी 'एक जागा रिकामी ठेवा' अशी अंतरिम आदेशाची करा. ज्याच्या जागेला धक्का लागेल त्याला प्रतिवादी करावंच लागेल, वकिलाला हे आठवणीने विचारा. आणि कृपा करून, हातात आलेली जागा सोडू नका. 'हक्क राखून' असं लेखी देऊन फी भरा.

ऑप्शन फॉर्मची (कॉलेजांच्या पसंतीक्रमाची) शेवटची लॉक केलेली प्रत सोबत असू द्या. ते कॉलेज नक्की कितव्या क्रमांकावर भरलं होतं, हे मी आलेल्या पालकांना सगळ्यात आधी विचारतो, आणि अर्धी प्रकरणं तिथेच मिटतात.