‘तफावत’ आणि ‘विसंगत’: खुनाच्या अपिलातले दोन शब्द

प्रश्न असा आला आहे: ‘प्रत्यक्षदर्शी आणि वैद्यकीय पुराव्यात तफावत असूनही जन्मठेप कायम’ अशी बातमी वाचली. तफावत म्हणजेच विसंगती ना? मग शिक्षा टिकली कशी?

बोलताना दोन्ही शब्द एकाच अर्थाने चालतात, पण इथे ते वेगळे ठेवलेले बरे. तफावत हा मुळात अरबी शब्द. दोन गोष्टींमधले अंतर. मग ते वीतभर असो की कोसभर. विसंगत म्हणजे एकत्र नांदूच न शकणारे. साक्षीदाराने चार वार सांगितले आणि शवविच्छेदन अहवालात जखमा सहा निघाल्या, तर ती तफावत. डोळ्यांदेखत माणूस मारला जात असताना घाव मोजत कोण बसतो?

सर्वोच्च न्यायालयाने १९८३ साली गुजरातमधल्या एका अपिलात ही रेघ स्पष्ट आखली. डॉक्टरांचा पुरावा एरवी दुजोऱ्यापुरता. साक्षीदार सांगतो तशा जखमा होण्याची कसलीच शक्यता उरत नसेल, तरच त्या कारणाने प्रत्यक्षदर्शीची साक्ष फेकून द्यायची. २०१० साली मध्य प्रदेशातल्या अपिलातही हीच भूमिका कायम राहिली.

म्हणजे सगळे ‘शक्यते’वर येऊन ठेपते, आणि मराठी जबाबात ती ‘शकणे’ या क्रियापदात असते. उलटतपासणीत डॉक्टरांकडून वदवून घेतात, “पडल्याने अशी जखम होऊ शकते, हे म्हणणे खरे आहे.” बचावाचे वकील यावर खूश होतात; पण ‘होऊ शकते’मुळे साक्षीदाराचे म्हणणे खोटे पडत नाही. डॉक्टर “सांगितलेल्या हत्याराने ही जखम होऊच शकत नाही” म्हणाले, तर गोष्ट वेगळी.

त्याचे ठळक उदाहरण १९७४ च्या निकालात आहे, तोही मध्य प्रदेशातल्याच खटल्यातला. साक्षीदारांनी लाठ्यांबरोबर भाले आणि कुऱ्हाडीही सांगितल्या. मृतांच्या अंगावर भाल्याची वा कुऱ्हाडीची म्हणता येईल अशी एकही जखम नव्हती. हत्यारांची धार वापरली असे साक्षीदार कुठे म्हणाले, अशी वाट उच्च न्यायालयाने काढली होती. सर्वोच्च न्यायालयाला ती पटली नाही: कुऱ्हाड मारली म्हटल्यावर बोथट बाजू मारली असा अर्थ एरवी कोणी घेत नाही. आपल्याकडच्या फिर्यादींत म्हणूनच ‘कुऱ्हाडीच्या तुंब्याने’, म्हणजे बोथट बाजूने, ‘मारले’ असे मुद्दाम लिहिलेले दिसते. तो ‘तुंबा’ फिर्यादीत नसेल आणि जखम कापलेली नसून बोथट माराने फाटलेली निघाली, तर सरकारी वकिलांची पंचाईत होते.

तेव्हा बातमीतला ‘तफावत’ बरोबर आहे. खटकतो तो ‘असूनही’. तफावतीने शिक्षा रद्द व्हायलाच हवी होती, असा वास त्याला येतो. ‘किरकोळ तफावतीचा मुद्दा फेटाळला’ एवढे पुरले असते. ‘विसंगत’ मात्र राखून ठेवावा, डॉक्टर ‘होऊच शकत नाही’ म्हणतील तेव्हासाठी.