ऑन्टॅरिओची पीसी (प्रोग्रेसिव्ह कन्झर्व्हेटिव्ह) पार्टी ही कॅनडाच्या कन्झर्व्हेटिव्ह पक्षाची प्रांतिक शाखा आहे का?
नाही, दोन्ही पक्ष कायद्याने आणि संघटनेने स्वतंत्र आहेत. एकाचे सदस्य झालात म्हणून दुसऱ्याचा नेता निवडताना मत देता येत नाही. गोंधळ नावाचा आहे. १९४२ मध्ये मॅनिटोबाचे प्रीमियर (प्रांताचे सरकारप्रमुख) जॉन ब्रॅकन यांच्या आग्रहावरून तेव्हाच्या राष्ट्रीय कन्झर्व्हेटिव्ह पक्षाच्या नावात ‘प्रोग्रेसिव्ह’ आले आणि प्रांतांतही रुजले. १९९३ च्या निवडणुकीत पश्चिमेची मते रिफॉर्म पक्षाकडे, क्वेबेकची ब्लॉक क्वेबेक्वा या क्वेबेकवादी पक्षाकडे गेली. सत्ताधारी राष्ट्रीय पीसीला फक्त २ जागा उरल्या. अखेर डिसेंबर २००३ मध्ये हा पक्ष आणि रिफॉर्ममधून उभा राहिलेला कॅनेडियन अलायन्स पक्ष एकत्र येऊन आजचा कन्झर्व्हेटिव्ह पक्ष झाला. ऑन्टॅरिओ, मॅनिटोबा, नोव्हा स्कोशियातले पीसी पक्ष त्या विलीनीकरणात नव्हतेच, म्हणून जुने नाव टिकले. कार्यकर्ते आणि मतदार मात्र पुष्कळदा तेच असतात.