पिठे, पीठ आणि पिठी

प्रश्न असा आहे : कोथरूडच्या एका सोसायटीत शेजारच्या बंगाली काकूंनी संक्रांतीला दुधात शिजवलेलं, मोदकासारखं काहीतरी वाटीभर दिलं आणि 'पिठे' म्हणाल्या. हे आपलंच पीठ का? आणि मराठीत याला म्हणायचं काय?

पीठच ते. संस्कृत 'पिष्ट' म्हणजे दळलेलं. प्राकृतात त्याचं 'पिट्ठ' झालं, मराठीत पीठ. 'पिष्टक' म्हणजे पिठाचा केलेला पदार्थ. बंगालीतलं पिठा किंवा पिठे त्यातलं. आपण हा शब्द डब्यात ठेवला, त्यांनी ताटात वाढला, एवढंच. आपल्याकडे ताटापर्यंत पोचलं ते पिठलं, तेही डाळीचं. (विद्यापीठातलं पीठ निराळं, ते आसन. पुण्याच्या विद्यापीठ चौकातल्या वाहतुकीत रोज भरडले जाणारे हे मान्य करणार नाहीत.)

मला जास्त गंमत वाटते ती 'पिठी'ची. ज्वारीचं पीठ, बाजरीचं पीठ, पण मोदकाला लागते ती पिठी. तांदूळ धुऊन, सावलीत वाळवून दळलेली. चिमटीत चोळली तर कण लागता कामा नये. आई गिरणीत डबा देताना "तांदळावरच टाका हो" असं दोनदा बजावायची, कारण आधीचं दळण गव्हाचं असलं की त्याचा कोंडा येतो आणि उकड काळपट होते. पीठ नपुंसकलिंगी, पिठी स्त्रीलिंगी, आणि त्या ईकाराबरोबर बारीकपणाही आला. पिठीसाखरेत तोच अर्थ. पिठूर चांदणंही याच गोतावळ्यातलं.

आता नाव. काकूंनी दिली ती बहुधा दूधपुली. तांदळाच्या उकडीची पारी, आत ओलं खोबरं आणि खजुराचा गूळ, आकार होडीसारखा. दुधातही तोच गूळ घालतात, पण शेवटी, गॅस बंद करून. उकळत्या दुधात पडला तर दूध नासतं. मोदक वाफेवर होतो, त्याला कळ्या असतात, त्यामुळे 'दुधातले मोदक' हे काही मला पटत नाही. नुसतं 'पिठे' म्हणावं, तर "आज पिठं केली" ऐकून लोक विचारतील, कसली, भाजणीची?

दूधपुलीच म्हणा. दूधभात, दूधपोहे म्हणणाऱ्याला हा समास जड जाऊ नये. पोळीसारखी ती दूधपुली, अनेकवचन दूधपुल्या.