रेनो यांचे सरकार कशामुळे कोसळले?

प्रश्न : जून १९४० मध्ये फ्रान्सच्या संसदेने अविश्वासाचा ठराव संमत केलेला नव्हता. तरीही पंतप्रधान पॉल रेनो यांनी राजीनामा दिला, तो केवळ दुसऱ्या महायुद्धात जर्मनीकडून रणांगणावर झालेल्या पराभवामुळे का?

उत्तर : पराभव हे कारण होतेच, परंतु पराभव झाला म्हणून सरकार कोसळलेच पाहिजे असे नाही. नेदरलँड्सच्या सैन्याने मे महिन्यात शस्त्रे खाली ठेवली, तरी तेथील राणी आणि मंत्रिमंडळ लंडनला गेले व युद्धात राहिले. रेनो यांनाही हाच मार्ग हवा होता : मायभूमीवरील सैन्याने शरणागती पत्करावी आणि सरकारने उत्तर आफ्रिकेतून लढा चालू ठेवावा. सरसेनापती वेगां यांनी त्याला साफ नकार दिला. त्यांचे म्हणणे असे की, शरणागतीचा डाग सैन्याच्या निशाणाला लागतो, तर शस्त्रसंधी, म्हणजे लढाई थांबवण्याचा करार, सरकारने मागायची असते. म्हणजे वाद पराभव कोणाच्या माथी जाणार, हाच होता. माझ्या मते, सेनापती आज्ञा मानत नाही आणि पंतप्रधान त्याला दूरही करू शकत नाही, हे दिसले त्याच क्षणी सरकार संपले होते. खेदाची गोष्ट अशी की, वेगां यांना सरसेनापतिपदी आणि मार्शल पेतां यांना उपपंतप्रधानपदी मे महिन्यात रेनो यांनीच आणले होते.

मुळात त्यांचा पायाही भक्कम नव्हता. मार्चमध्ये सत्तेवर येताना संसदेत त्यांच्या बाजूने २६८ मते पडली, तर विरोधी व तटस्थ मिळून २६७ होती. १४ जूनला पॅरिस पडले, सरकार बोर्दोला पोहोचले. दुसऱ्याच दिवशी मंत्री शोतां यांनी, शत्रूच्या अटी काय आहेत एवढे तरी विचारून पाहावे, अशी सूचना मांडली. ही सौम्य भाषाच घातक ठरली, कारण शस्त्रसंधीला उघड होकार देण्यास कचरणाऱ्या मंत्र्यांना तिने वाट करून दिली. १६ जूनला ब्रिटनने दोन्ही देशांच्या एकीकरणाचा प्रस्ताव पाठवला. तो मंत्र्यांनी स्वीकारला नाही, आणि त्याच संध्याकाळी रेनो यांनी पद सोडले. राष्ट्राध्यक्ष लब्रं यांनी पेतां यांना पाचारण केले. दुसऱ्या दिवशी पेतां यांनी नभोवाणीवरून लढाई थांबवावी लागेल असे सांगितले. शस्त्रसंधीवर सह्या मात्र २२ जूनला झाल्या.

आपण ज्या संसदेचा उल्लेख केला, तिने मतदान केले ते १० जुलैला, व्हिशी येथे : नवी राज्यघटना करण्याचे सर्वाधिकार पेतां यांना द्यावेत, या बाजूने ५६९ आणि विरोधात ८०.