रंग वाळला, तरी हँडल लगेच नको

प्रश्न : स्वयंपाकघरातल्या कपाटांच्या 18 मिमी प्लायच्या शटरना चार दिवसांपूर्वी ऑइल पेंटचा दुसरा हात झाला. हाताला रंग लागत नाही. आधीची हँडल 96 मिमीची होती, नवी 128 मिमीची आणली आहेत. सुतार उद्या येतो म्हणतो. बसवून घ्यावीत का?
– एक वाचक, शाहूपुरी, सातारा

उत्तर : सुताराला निदान आठवडाभर थांबवा. ऑइल पेंटमधले टर्पेंटाइन काही तासांत उडून जाते आणि रंग हाताला लागेनासा होतो. त्यातले तेल मात्र हवेतला ऑक्सिजन घेत सावकाश घट्ट होते, तेही वरून आत. वर साय धरते, खालचा थर मऊच असतो. अशा रंगावर हँडल आवळले की रंग दाबला जाऊन पायाभोवती कडा उठते आणि पुढे तिथूनच पापुद्रा सुटतो. साताऱ्याच्या जुलै-ऑगस्टच्या हवेत तर पंधरा दिवस धरून चाला. शटरच्या आतल्या बाजूला, बिजागरीजवळ अंगठ्याचे नख दाबून पाहा. खूण राहिली तर थांबायचे. (टू-पॅक पीयू, म्हणजे दोन डब्यांतला पॉलियुरेथेन रंग, त्यात मिसळलेल्या हार्डनरने घट्ट होतो. तिथे तीन दिवसांनी हँडल बसवता येतात, पूर्ण कडकपणा यायला साधारण सात दिवस लागतात.)

आता मापाचे. हँडलचे माप म्हणजे त्याच्या दोन स्क्रूभोकांच्या मध्यांतले अंतर. 128 चे हँडल त्याच मध्यावर धरले तर प्रत्येक भोक 16 मिमी बाहेर सरकते आणि जुनी दोन्ही भोके हँडलखाली उघडी दिसतात. ती रंगाआधीच बुजवायला हवी होती. आता बुजवून तेवढ्यावरच रंग लावला तर चकाकत्या रंगावर ठिपका दिसणारच, म्हणजे पूर्ण शटरला पुन्हा एक हात. त्यापेक्षा दुकानात बदलून 96 मिमीचीच हँडल घ्या. तोच सगळ्यांत स्वस्त आणि चांगला मार्ग आहे.

जुन्या भोकांत रंग भरलेला असेल. तसाच मागून स्क्रू घातला तर तो रंगाची गुठळी पुढे ढकलतो आणि दर्शनी बाजूचा टवका उडतो. म्हणून आधी 4.5 मिमीचा बिट हातात धरून, मशीन न लावता, पुढच्या बाजूने फिरवून भोक मोकळे करा.

नवी भोके पाडायचीच असतील तर हार्डबोर्डच्या तुकड्याचा साचा करा, म्हणजे सगळी हँडल एका ओळीत येतील. खुणेवर कागदी टेप लावा, टोच्याने खड्डा करा, आधी 2.5 आणि मग 5 मिमीचा बिट चालवा. भोक दर्शनी बाजूने पाडा आणि मागे टाकाऊ लाकडाचा ठोकळा घट्ट धरा. ठोकळा नसला तर बिट बाहेर पडताना प्लायची चिरफाळी निघते. टेप काम झाल्या झाल्या मागे दुमडत सावकाश काढा. रात्रभर राहिली तर रंग घेऊनच निघते.

स्क्रूची लांबी तपासल्याशिवाय पुढे जाऊ नका. शटरची जाडी अधिक 6-7 मिमी, म्हणजे तुमच्यासाठी 4 मिमी जाडीचा 25 मिमी लांब मशीन स्क्रू. लांब स्क्रू हँडलच्या आत तळाला टेकतो, हँडल मात्र हलतच राहते; मग माणूस आणखी आवळतो आणि हँडलचे आटे जातात. शेवटचे दोन फेरे हाताच्या स्क्रूड्रायव्हरनेच द्या.

प्रश्न : सागवानी कपाट रंगवून घेतले. पितळी कड्या परत लावताना दोन स्क्रू मोडून आत राहिले, बाकीची भोके सैल झाली आहेत. लांबी (पुट्टी) भरून चालेल का?
– एक वाचक, विश्रामबाग, सांगली

उत्तर : लांबी स्क्रू धरत नाही, भुगा होऊन बाहेर येते. सैल भोकात फेविकॉल लावलेल्या काडेपेटीच्या काड्या ठोकून भरा, रात्रभर वाळू द्या, पृष्ठभागाशी कापून घ्या. मोडलेल्या स्क्रूभोवती 2 मिमीच्या बिटने तीन-चार भोके घ्या आणि तो नोज प्लायरने ओढा. खड्डा सागाच्या खुंटीने बुजवा. हे सगळे कडीच्या पट्टीखाली झाकले जाते.

पितळ मऊ आणि साग कठीण, त्यात भोकात रंग बसलेला, म्हणून स्क्रू मोडले. आधी त्याच मापाचा लोखंडी स्क्रू फिरवून आटे पाडा, तो काढा, मग पितळी स्क्रूला मेणबत्ती चोळून हाताने बसवा. साबण लावू नका, तो ओल धरतो. कड्या चमकवायच्या असतील तर बसवण्याआधी घासून कोरड्या करा. जागेवर घासल्या की भोवतालचा रंग खरवडला जातो.

प्रश्न : रंगानंतर शटर चौकटीला चिकटते, उघडताना कडेचा रंग निघतो.
– एक वाचक, मिरज

उत्तर : रंगाला रंग दाबून बसतो आहे. शटर बंद धरणारे मॅग्नेट तूर्त काढा आणि दोन आठवडे शटर किलकिले ठेवा. निघालेली कड 320 नंबरच्या पॉलिश पेपरने घासून पातळ हात द्या. त्यानंतर दोन्ही कोपऱ्यांवर 2 मिमीची रबरी बटणे चिकटवा. आत्ता लावली तर ती रंगासकट सुटतील. वाटीची (शटरमध्ये गोल खळगा पाडून बसवलेली) बिजागरी असेल तर तिचा मागचा स्क्रू सैल करून शटर मिलिमीटरभर पुढे घ्या आणि पुन्हा आवळा.