"बी.एड. वाया गेलं का हो, मॅडम?"

2024 च्या जानेवारीत सविता (नाव बदललंय) माझ्याकडे समुपदेशनासाठी पहिल्यांदा आली, तेव्हा खुर्चीत बसायच्या आधी तिने फाइल टेबलावर ठेवली. प्लास्टिकच्या कप्प्यांची, चांगली जाडजूड. दहावी, बी.ए. इतिहास, बी.एड., सीटीईटीचा (केंद्रीय शिक्षक पात्रता परीक्षा) पहिली ते पाचवीसाठीचा पेपर एक, सगळं क्रमाने लावलेलं. बारावीची गुणपत्रिका मात्र शेवटच्या कप्प्यात, उलटी घातलेली.

"बी.एड. वाया गेलं का हो, मॅडम?"

हा प्रश्न गेल्या दोन-तीन वर्षांत मी इतक्यांदा ऐकलाय की विचारणाऱ्याचा चेहरा बदलतो, वाक्य तेच राहतं. झालं होतं असं. 28 जून 2018 ला एनसीटीईने, म्हणजे राष्ट्रीय शिक्षक शिक्षण परिषदेने, अधिसूचना काढून बी.एड.वाल्यांना पहिली ते पाचवीचं दार उघडलं. अट एकच, नेमणुकीनंतर दोन वर्षांत सहा महिन्यांचा ब्रिज कोर्स. राजस्थान उच्च न्यायालयाने 2021 मध्ये ती अधिसूचना रद्द केली आणि 11 ऑगस्ट 2023 ला सर्वोच्च न्यायालयाने तोच निर्णय कायम ठेवला. लहान मुलांना शिकवण्याचं प्रशिक्षण डी.एड.मध्ये मिळतं, बी.एड.मध्ये नाही, असं न्यायालयाचं म्हणणं. मुलांच्या बाजूने पाहिलं तर मला ते पटतं. पण सविताच्या हातात बी.एड.ची गुणपत्रिका येऊन तेव्हा जेमतेम दोन महिने झाले होते.

"दोन वर्षं सासूबाईंनी पोरगी सांभाळली," ती म्हणाली. "आता त्या काही बोलत नाहीत. बोलल्या असत्या तर बरं झालं असतं."

रोज सकाळी डोळे उघडले की आधी बी.एड.वाल्यांचा ग्रुप बघायचा. पुनर्विचार याचिका, वकिलांची फी, पाचशे रुपये वर्गणी, 'निकाल आपल्याच बाजूने लागणार'. तिने वर्गणी दोनदा भरली होती. अभ्यास? सहा महिन्यांत पुस्तक उघडलं नव्हतं.

मी वकील नाही, हे तिला आधीच सांगितलं. कायद्याचा सल्ला वकिलाकडूनच घ्यावा, ग्रुपमधल्या 'सरां'कडून तर मुळीच नाही. माझं काम वेगळं होतं. भिंतीवरच्या कॅलेंडरचं डिसेंबरचं पान फाडलं, पाठीमागे तीन रकाने आखले. प्रवेश, पात्रता, नेमणूक. "तुझ्या तारखा भर."

प्रवेश 2021. पात्रता, बी.एड. आणि सीटीईटी, 2023. तिसऱ्या रकान्यापाशी पेन थांबलं. ती बराच वेळ त्या कोऱ्या जागेकडे बघत राहिली आणि मग रडली. मी पाण्याचा ग्लास पुढे सरकवला, बाकी काही केलं नाही.

नंतर तिने जे विचारलं, ती खरी गाठ होती. "म्हणजे मी चुकले ना?"

"2021 मध्ये अर्ज भरलास, तेव्हा 2018 ची अधिसूचना लागू होती की नाही?"

"होती. उच्च न्यायालयाचा निकाल त्या वर्षी नोव्हेंबरात आला."

"मग तेव्हाच्या कागदावर तू बरोबर होतीस."

पुढचं बोलणं सरळ व्यवहाराचं झालं. तिला आता डी.एड. करायचं होतं. मी ती उलटी गुणपत्रिका काढायला लावली. बारावीला 48 टक्के. खुल्या प्रवर्गाला डी.एल.एड.च्या (डी.एड.चंच आताचं नाव) प्रवेशासाठी 49.5 टक्के लागतात. ते दार बंद होतं आणि तिला ते ठाऊक होतं, म्हणूनच तो कागद मागे गेला होता. उघडं काय होतं? तिचं बी.एड. रद्द झालेलं नव्हतं. पेपर दोन दिला की सहावी ते आठवी, आणि नववी-दहावीला टीईटीची, म्हणजे शिक्षक पात्रता परीक्षेची, अट तेव्हा नव्हतीच. गेलं होतं ते फक्त पहिली ते पाचवी. घरात मात्र 'सगळं गेलं' असंच बोललं जात होतं.

ग्रुप सोडायला मी सांगितलं नाही. कुणी सांगून सोडतही नाही. रात्री जेवणानंतर एकदाच बघायचा, एवढं ठरलं. 8 एप्रिलला सर्वोच्च न्यायालयाचं स्पष्टीकरण आलं, तेव्हा तिचा मेसेज आला: 11 ऑगस्ट 2023 पूर्वी नियमानुसार नेमणूक झालेल्यांनाच संरक्षण. खाली लिहिलं होतं, 'तिसरा रकाना.' त्या रात्री ती पुन्हा रडली, पण सकाळी पेपर दोनचं पुस्तक घेऊन बसली. पहिल्या प्रयत्नात ती नापास झाली, हेही सांगायला हवं. दुसऱ्यांदा निघाली. आता एका शाळेत सातवीला इतिहास शिकवते, तासिका तत्त्वावर. मानधन बेताचंच, तेही वेळेवर येत नाही.

2025 च्या सप्टेंबरात तिचा फोन आला. 1 तारखेला सर्वोच्च न्यायालयाने सेवेतल्या शिक्षकांनाही टीईटी सक्तीची केली होती. निवृत्तीला पाच वर्षांपेक्षा जास्त उरली असतील त्यांना दोन वर्षांची मुदत, कमी उरली असतील त्यांना सूट, पण बढती हवी असेल तर परीक्षा द्यावीच लागणार. शाळेतल्या एक जुन्या बाई आठवडाभर झोपल्या नव्हत्या.

"घेऊन येऊ का त्यांना, मॅडम? जन्मतारखेचा दाखला आणि नेमणुकीचं पत्र काढून ठेवायला सांगितलंय. आणि कॅलेंडरचं पान मी आणते."

मी शनिवारी चारची वेळ दिली.