पाकिस्तानी सिनेमातली सर्वात मोठी नायिका कोण?

नूरजहाँचं नाव सगळ्यांना ठाऊक असतं, पण नायिका म्हणून माझं उत्तर शबनम. मूळ नाव झरना बसाक, ढाक्याच्या हिंदू बंगाली घरातल्या. १९६२ च्या ‘चंदा’ या ढाक्यात बनलेल्या उर्दू चित्रपटाने त्यांचं नाव झालं. पुढे त्या पश्चिम पाकिस्तानात गेल्या आणि १९७१ ला देश दुभंगल्यावरही लाहोरच्या पडद्यावर अव्वल राहिल्या. मातृभाषा बंगाली असलेली अभिनेत्री उर्दू सिनेमाची लाडकी होते, तीही त्या कडवट काळात, ही साधी गोष्ट नव्हे!

‘आईना’ (१९७७) जरूर बघा. नायक नदीम, संगीत शबनमचे पती रॉबिन घोष यांचं. श्रीमंत घरातली मुलगी, बेताच्या कमाईचा नवरा आणि त्यांच्या संसारात ढवळाढवळ करणारे तिचे आईवडील, इतकीच कथा. पण माहेर आणि नवरा यांत अडकलेली ती बायको शबनमने इतक्या संयमाने उभी केलीय की बघतच राहावं. कराचीत हा चित्रपट चारशेहून अधिक आठवडे चालला.

नव्वदच्या दशकात त्या ढाक्याला परतल्या आणि १९९९ मध्ये ‘आम्माजान’मधल्या आईच्या भूमिकेने बांगलादेशातल्या नव्या पिढीलाही जिंकलं. दोन देश आजही त्यांना आपली मानतात.